टोल वाजला आणि रांग मोडली

मित्रांनो, मी जुना आहे एवढे मला नक्की ठाऊक आहे. मी कोण आहे, हे मात्र मला अजून नीट सांगता येत नाही. अंगाने पाहाल तर मी आगगाडीचा रूळ आहे. पण रूळ जमिनीवर असतो आणि मी खामगावच्या एका जिनिंग फॅक्टरीच्या आवारात कडुनिंबाच्या फांदीला तारेने टांगलेला आहे. म्हणून लोक मला घंटा म्हणतात. पण मला घंटेसारखी गोलाई नाही आणि पोटात लोलकही नाही. माझी लांबी दोन हात, अंगभर गंज आणि एका टोकाला भोक. असा मी, आणि तुम्हाला आपली गोष्ट सांगायला निघालो आहे. माझ्या गोष्टीत मलाच न कळलेल्या जागा पुष्कळ आहेत. तिथे तुम्ही तुमचे डोके चालवा.

माझा जन्म समुद्रापलीकडच्या एका भट्टीत झाला. तिथली मला फक्त उष्णता आठवते. जहाजातून मी मुंबईला आलो आणि तिथून वऱ्हाडात. जलंबहून खामगावला जो लहानसा रेल्वेफाटा येतो, त्यावर मला अंथरले. मी तेव्हा चांगला लांबलचक होतो. माझ्यावरून कापसाच्या गाठी जात. माझे काम फार सोपे होते. पडून राहायचे आणि हलायचे नाही. त्या वेळी माझ्या डोक्यात कसलाही गोंधळ नव्हता, हे आज मला मोठे सुखाचे वाटते.

मग एका उन्हाळ्यात मला चीर गेली. मुकादमाने खडूने खूण केली आणि मला उखडून बाजूला टाकले. भंगारवाल्याने माझे तुकडे केले. माझे बाकीचे अंग कुठे गेले, ते मला कोणी सांगितले नाही. हा एवढा तुकडा जिनिंगच्या मालकाने घेतला, भोक पाडले आणि झाडाला लटकवले. पहिल्या दिवशी चौकीदार दयारामने हातोडा उचलून माझ्या पाठीत घातला तेव्हा मी रागाने ओरडलो. आवारातले सगळे लोक थांबून पाहू लागले. मॅनेजर वामनराव ऑफिसातून बाहेर आले आणि म्हणाले, "वा! असा आवाज साऱ्या खामगावात नाई."

मी ओरडलो होतो आणि ते खूश झाले होते. तेव्हापासून माझा जो गोंधळ सुरू झाला तो आजतागायत.

सकाळी सातला टोल पडे. साडेबाराला जेवणाच्या सुटीचा टोल, एकला सुटी संपल्याचा आणि संध्याकाळी सहाला शेवटचा. मारणारा दयारामच, हातोडाही तोच, आणि माझा आवाज तर बदलणे शक्यच नव्हते. तरीही सकाळी तो आवाज ऐकून बाया धापा टाकत पळत येत, आणि संध्याकाळी तोच आवाज ऐकून हसत बाहेर पडत. एकच आवाज धाक कसा घालतो आणि सुटका कशी करतो? मी पुष्कळ विचार केला. शेवटी नाद सोडला.

जिनिंगमध्ये चाळीस बाया होत्या. शेतकरी गाड्या भरून कापूस आणत. रेचा नावाच्या यंत्रात तो कापूस घालायचा, की सरकी खाली पडे आणि रुई वेगळी निघे. बाया दिवसभर रेच्यांपुढे उभ्या राहून कापूस घालीत. केसांत रुई, भुवयांवर रुई, नाकातोंडात रुई. कोणाजवळही घड्याळ नव्हते. टोल संपून पाच मिनिटे झाली की दयारामने फाटक लावायचे आणि जी बाई बाहेर राहिली तिची अर्धी रोजी कापायची, असा कायदा होता. त्यामुळे बायांचे पाय माझ्या हुकमात होते. टोल पडला की डोके काही म्हणायच्या आत पाय निघत. खरे सांगतो, मला त्याचा अभिमान वाटे. दसऱ्याला दयाराम मला घासूनपुसून तेल लावी, हळदकुंकू वाही, झेंडूची माळ घाली. मी स्वतःला फार मोठा समजू लागलो होतो.

फक्त एक बाई माझ्या हुकमात नव्हती. तिचे नाव सत्यभामाबाई. वीस वर्षे रेच्यांच्या घरघराटात उभे राहून तिचे कान गेले होते. मी कितीही जीव तोडून वाजलो तरी तिला ऐकू येत नसे. ती शेजारणींच्या पायांकडे पाही. पाय निघाले की टोल झाला, असे समजून तीही निघे. सगळ्यांत म्हातारी तीच होती. तिच्या शेजारच्या रेच्यावर रुखमाबाई असे. ही तिशीतली आणि तोंडाची फटकळ. सत्यभामाबाईला खुणा करून साऱ्या जगाची बातमी तीच सांगे.

आता मी तुम्हाला एकोणीसशे बासष्टची गोष्ट सांगतो. त्या वेळी महाराष्ट्र होऊन दोन वर्षेही झाली नव्हती. खरे म्हणजे या राज्याच्या बाबतीतही मी गोंधळलेलाच होतो. मी याच फांदीला लटकलेलो, पण आधी मध्यप्रांत-वऱ्हाडात होतो, मग मध्य प्रदेशात गेलो, मग मुंबई राज्यात, आणि मग महाराष्ट्रात. जागचा न हलता एवढा प्रवास मी रूळ असतानाही केला नव्हता.

त्या माघात फाटकाबाहेर जीप फिरू लागल्या. कर्णे ओरडू लागले. भिंतींवर चित्रे आली. मग एके दिवशी पांढऱ्या कपड्यांतली माणसे आवारात आली आणि त्यांनी बायांपुढे हात जोडले! मी चक्रावलो. आजवर मी बायांनाच हात जोडताना पाहिले होते. या धुळीने माखलेल्या बायांजवळ असे काय आहे, की ते मागायला एवढी मोठी माणसे यावीत? रुखमाबाईने सत्यभामाबाईला खुणेने सांगितले, तेव्हा मला कळले. प्रत्येकीजवळ एक मत होते. वामनरावांनाही एकच आणि सत्यभामाबाईलाही एकच. मी ते दोनदा ऐकले, कारण पहिल्यांदा माझा विश्वास बसला नाही.

मतदानाच्या दोन दिवस आधी रुखमाबाई ऑफिसच्या पायरीशी जाऊन उभी राहिली.

"साहेब, शुक्रवारी आमाले दोन घंटे सुटी पायजे. मतदानाले जाचं हाय."

वामनराव वाईट माणूस नव्हते. पण बाहेर कापसाच्या गाड्यांची रांग लागली होती आणि मालकाचा रोज निरोप येत होता. ते म्हणाले, "जा ना बाई. कोनं अडवलं? जेवणाच्या सुटीत जाऊन या."

"सुटी अर्ध्या घंट्याची. शाळा दहा मिनिटं लांब. तिथं रांग राह्यते. त्या दिवशी टोल जरा उशिरा द्या ना."

"टोल घड्याळाचा हाय, रुखमाबाई. घड्याळ ना माह्यं ऐकत, ना तुह्यं."

दयाराम माझ्याखाली उभा राहून हे ऐकत होता. रुखमाबाईने जाताना त्याच्याकडे पाहिले. तो हातोड्याच्या दांड्याकडे पाहत राहिला. त्याच्या घरी खाणारी सहा तोंडे होती.

शुक्रवारी साडेबाराला मी वाजलो आणि चाळीस बाया फाटकाबाहेर पडल्या. भाकरीची गाठोडी त्यांनी तशीच माझ्या झाडाला टांगून ठेवली. पदराच्या गाठीत मतदारयादीच्या नंबराची चिठ्ठी होती. कित्येकींनी सकाळीच केस विंचरून कुंकू ठसठशीत लावले होते. त्यांना जाताना पाहून मला उगीचच बरे वाटले.

पुढे शाळेत काय झाले ते मी नंतर रुखमाबाईच्या तोंडून ऐकले. पुरुषांची रांग भराभर सरकत होती. बायांची सरकेना. एकेकीचे नाव यादीत शोधायला वेळ लागे. सगळ्यांनी म्हातारी म्हणून सत्यभामाबाईला आपल्या पुढे उभे केले होते. तिच्या मागे रुखमाबाई आणि मग बाकीच्या. अखेर सत्यभामाबाई खोलीत गेली. रुखमाबाईने एक पाय उंबरठ्यावर ठेवला.

इकडे एक वाजायला आला होता. दयाराम हातोडा हातात घेऊन नुसता उभा होता. तो मला म्हणाला, "जरा थांबतो गड्या." मला फार आश्चर्य वाटले, कारण त्याने मला आजवर कधी काही सांगितले नव्हते. तेवढ्यात वामनराव हातातल्या घड्याळाकडे पाहत ऑफिसच्या दारात आले. दयारामने डोळे मिटले आणि हातोडा मारला.

मित्रांनो, आता जे सांगतो त्याची मला आजही लाज वाटते. त्या दिवशी मी अगदी जीव ओतून वाजलो. वारा शाळेच्या दिशेने होता. मला वाटले, आज सारे गाव शाळेपाशी जमले आहे, ऐकू दे त्यांना माझा आवाज!

आणि मग मला पावले ऐकू आली. धाडधाड पळणारी, पुष्कळ पावले. धुळीचा लोट फाटकातून आत आला आणि त्यातून बाया. कोणाची चप्पल हातात, कोणाचा पदर जमिनीवर. फाटक लागण्याच्या आत सगळ्या आवारात पोचल्या होत्या. मी खूश होऊन पाहत होतो, इतक्यात रुखमाबाई माझ्याखाली येऊन एकदम थांबली. तिने पदराची गाठ चाचपली. चिठ्ठी तशीच होती.

"माय वो," ती म्हणाली, "आपुन काऊन पळून राह्यलो?"

सगळ्या एकमेकींकडे पाहू लागल्या. शालूबाई नावाची एक बाई रडकुंडीला येऊन म्हणाली, "टोल झाला ना वो. पाय निंघाले." कोणी हाकलले नव्हते, कोणी धमकावले नव्हते. रांगेत उभ्या होत्या, मी वाजलो आणि रांग मोडून आल्या. फाटक लागले होते. भाकरी खायलाही वेळ उरला नव्हता. त्या तशाच रेच्यांकडे गेल्या.

त्या एकोणचाळीसच होत्या.

अर्ध्या तासाने सत्यभामाबाई रमतगमत आली. मत देऊन बाहेर आली तेव्हा मागे एकही बाई नव्हती. तिला वाटले, सगळ्यांनी चटाचट मते दिली आणि तिला सोडून पुढे निघून गेल्या. म्हणून ती जरा रागातच होती! फाटक बंद पाहून ती बाहेर दगडावर बसून राहिली. तिची अर्धी रोजी गेली. संध्याकाळी बाया बाहेर पडल्या तेव्हा तिने आपले शाई लावलेले बोट पुढे केले आणि एकेकीचे बोट धरून पाहू लागली. सगळ्यांची बोटे कोरी. रुखमाबाईने तिला खुणांनी सारे सांगितले. तिने आपल्या बोटावरची शाई पुन्हा पाहिली. मग मोठ्याने म्हणाली, कारण बहिऱ्या माणसाला हळू बोलता येत नाही:

"मले ऐकू येत नाई, म्हून मी मत देल्लं. तुमाले ऐकू येते, म्हून तुमचं राह्यलं. हे काय इपरीत हाय वो?"

मला त्या रात्रीपासून चैन पडेना. मी वेळेवर वाजलो होतो. माझे काम मी चोख केले होते. चोख काम केल्यावर मन एवढे जड का व्हावे? पुढे निकाल लागला, गुलाल उधळला, वामनरावांनी पेढे वाटले. या एकोणचाळीस मतांनी काही वेगळे झाले असते का? मला सांगता येत नाही. बायांनाही येत नव्हते. पण पेढा एकीनेही घेतला नाही.

आठवड्याच्या बाजाराच्या दिवशी रोजी वाटली जाई. सत्यभामाबाईच्या हातावर अर्धी रोजी कमी पडली. तिच्या मागे रुखमाबाई होती. तिने हात पुढेच केला नाही.

"एक तं तिले पुरी द्या," ती म्हणाली, "नाई तं आमची बी अर्धी कापा. ती मत द्याले गेली व्हती, जत्रेले नाई."

वामनराव हसले. पण तिच्या मागच्या बाईनेही हात पुढे केला नाही, आणि तिच्या मागच्या बाईनेही नाही. सगळ्या येऊन माझ्या झाडाखाली बसल्या.

दुसऱ्या दिवशी सकाळी दयारामने सातचा टोल दिला. बाया फाटकातून आत येऊन पुन्हा झाडाखालीच बसल्या होत्या. एकही बाई उठली नाही. मित्रांनो, मी घाबरलो. मला वाटले, माझा आवाजच बसला! मला पुन्हा चीर तर गेली नाही? साडेबाराला मी आणखी जोराने वाजलो, एकला त्याहून जोराने. बाया भाकरी खात, गप्पा मारीत बसून राहिल्या. त्यांच्यातल्या काही मुद्दाम आपले पाय हातांनी धरून बसल्या होत्या, हे माझ्या उशिरा लक्षात आले. शालूबाईचा पाय टोलाबरोबर हलायचाच. मग शेजारीण तिच्या पायावर चापट मारी आणि दोघी हसत.

तीन दिवस रेचे बंद होते. कापसाच्या गाड्या फाटकापासून हमरस्त्यापर्यंत लागल्या. चौथ्या दिवशी वामनरावांनी सत्यभामाबाईची अर्धी रोजी तिच्या हातात ठेवली. मतदानाच्या सुटीचे मात्र ते म्हणाले, "पाच वर्सांनी पाहू." पाच वर्षांनी कोणाला आठवणार, असे त्यांना वाटले असावे.

पण बायांना आठवत होते. एकोणीसशे सदुसष्टच्या फेब्रुवारीत पुन्हा जीप आल्या, पुन्हा हात जोडले गेले. रुखमाबाई पुन्हा पायरीशी गेली आणि वामनरावांनी पुन्हा जेवणाची सुटी दाखवली. या वेळी ती वाद न घालता परत आली. मला जरा वाईटच वाटले. वाटले, थकली बिचारी.

मतदानाच्या दिवशी साडेबाराला मी वाजलो. दयारामने हातोडा खोडातल्या खिळ्याला अडकवला. बाया फाटकाकडे निघाल्या. सगळ्यांच्या शेवटी सत्यभामाबाई हळूहळू आली, तिने खिळ्यावरचा हातोडा काढला, पदराखाली घेतला आणि चालू लागली. दयाराम तिथेच तंबाखू मळत होता. त्याला तंबाखूत एकाएकी एवढे काय दिसले, की त्याने मान वर केली नाही? मला कळले नाही, असे म्हणतो, झाले.

एक वाजला. वामनराव दारात आले. "दयाराम, टोल!"

"कायनं देऊ, साहेब? हातोडा मतदानाले गेला."

वामनरावांनी खोडातल्या रिकाम्या खिळ्याकडे पाहिले. मग ते ओरडले, "मंग दगड घे!" दयारामने दगड घेतला आणि मारला. नुसते खट झाले. पुन्हा मारला, पुन्हा खट. त्या दगडात जोर नव्हता की दयारामच्या हातात, ते त्यालाच ठाऊक.

मी गप्प लटकून राहिलो. दीड वाजला, दोन वाजले. इतका वेळ मुका मी कधी नव्हतो. आधी मला भीती वाटली, की आता आपला काय उपयोग? मग हळूहळू वाटू लागले, की या न वाजण्यातच आज माझा काहीतरी उपयोग होतो आहे. हे मला नीट समजले नव्हते, पण बरे वाटत होते.

शाळेत शिपायाने हातोडा पाहून त्यांना अडवले होते. हत्यार आत नेता येणार नाही, म्हणाला. मग जी आत जाई ती हातोडा मागचीच्या हातात देई. अशा रीतीने तो हातोडा चाळीस हातांतून साऱ्या रांगेभर फिरला. कोणी तो खाली ठेवला नाही. सर्वांत शेवटी उभ्या राहिलेल्या सत्यभामाबाईने मत दिले, तेव्हा तो रुखमाबाईने धरला होता.

पावणेतीनला पावले ऐकू आली. मी कान टवकारले. ती पळत नव्हती. चालत होती! चाळीस बाया रस्त्याने चालत येत होत्या. फाटक उघडेच होते. वामनराव ओट्यावर उभे होते. त्यांनी एकदा बायांकडे पाहिले, एकदा बाहेरच्या गाड्यांच्या रांगेकडे, आणि आत निघून गेले. त्या आठवड्यात कोणाचीही रोजी कापली गेली नाही. तो समजूतदारपणा होता की त्या तीन दिवसांची आठवण, ते त्यांनी कधी सांगितले नाही.

सत्यभामाबाईने हातोडा दयारामपुढे धरला. त्याने घेतला नाही. "तुमीच द्या आज," असे त्याने खुणेने सांगितले. म्हातारीने डावा हात, शाई लागलेल्या बोटाचा, माझ्या अंगावर सपाट ठेवला आणि उजव्या हाताने ठोका दिला. फार मोठा नव्हता. पण माझी थरथर तिच्या तळव्यात शिरली. कान गेल्यापासून तिला माझा आवाज पहिल्यांदा कळला. ती दचकली, मग हसली.

"वाजला काय वो?" तिने सगळ्यांना विचारले.

सगळ्यांनी माना हलवल्या. मला त्या वेळी रडता आले असते तर मी रडलो असतो.

त्यानंतर दोन वर्षांनी फॅक्टरीत विजेचा भोंगा आला. माझ्या तारेत आता चिमण्या काड्या खोचतात. दसऱ्याला माळ भोंग्याला पडते. दयाराम गावी गेला आणि हातोडा कुठे गेला ते कोणाला माहीत नाही. बायांची रोजी थोडी वाढली. ती मतांमुळे वाढली, झाडाखाली बसल्यामुळे वाढली, की नुसतीच महागाई वाढली म्हणून, यावर त्या अजून जेवणाच्या सुटीत भांडतात. मी ऐकतो आणि माझा गोंधळ वाढतो. भोंग्याला हातोडा नसतो. त्याचे बटण ऑफिसात आहे, दाराच्या आत. पुढच्या मतदानाला या बाया काय करणार, हे मला कळत नाही. परवा रुखमाबाई मात्र भोंग्याकडे जाणाऱ्या तारेकडे बराच वेळ पाहत उभी होती.

मित्रांनो, मला तेल लावा, गंज काढा, असे मी म्हणत नाही. मी लोखंड आहे, मला कसेही चालते. पण मतदानाच्या दिवशी तुमच्या गावात एखादा टोल पडला, भोंगा वाजला किंवा कोणी हाक मारली आणि रांगेतले एखादे माणूस पळत सुटले, तर त्याचा हात धरा. त्याला थांबवा. आणि त्या दिवशी मी ज्याचे उत्तर देऊ शकलो नाही, ते रुखमाबाईचे वाक्य त्याला विचारा, "काऊन पळून राह्यले?"